देश नसलेल्या बोटी

"काय नागपूरकर, त्या बाजूला काही काम आहे का?"

शनिवारी सकाळी फोनवर शेजारच्या काकांचं हे वाक्य आलं की मी गाडीची किल्ली शोधायला लागायची. 'ती बाजू' म्हणजे समुद्राची बाजू. आता तुम्हीच सांगा, न्यू जर्सीतल्या पार्सिपनीत राहणाऱ्या, आठवडाभर विमा कंपनीचं सॉफ्टवेअर टेस्ट करणाऱ्या बाईचं समुद्राच्या बाजूला काय काम असणार? आमची सगळ्यांची कामं एडिसनला. किराणा, देऊळ, मुलीचा भरतनाट्यमचा क्लास, सगळं तिकडे. पण काचबिंदू बळावल्यावर काकांचं ड्रायव्हिंग बंद झालं होतं, आणि 'मला सोडतेस का' असं कुणाला विचारणं त्यांना जमत नव्हतं. तुमच्याही ओळखीत असं एखादं माणूस असेल, मदत मागायची वेळ आली की विषय बदलणारं. काकांनी त्यावर तोडगा काढला होता. काम माझं निघावं आणि त्यांनी नुसतं सोबतीला यावं.

"आहे की," मी म्हणायची.

"मग ठीक आहे. मीही येतो. तुला तेवढीच कंपनी."

मी गाडी काढेपर्यंत ते कोपऱ्यावर उभे असायचे. डोक्यावर लोकरीची टोपी, जॅकेटच्या खिशात टॉर्च आणि हातात स्टीलचा डबा. डब्यात स्वतः केलेली घावनं. काकू जाऊन बरीच वर्षं झाली होती, आणि लेकीला घावनं येत नाहीत, ती फ्रीजरमधले पराठे गरम करते, अशी त्यांची तक्रार होती. ते लेकीकडे राहायचे, आमच्यापासून दोन दारं सोडून. लेक इथेच जन्मलेली, फिजिओथेरपिस्ट. मराठी सगळं समजायचं, पण बोलताना अर्धं वाक्य इंग्रजीत घसरायचं.

पहिल्यांदा गेलो तेव्हा हिवाळा होता. न्यू जर्सीत थंडीत बोटी पाण्यात ठेवत नाहीत. क्रेनने उचलून बाहेर काढतात, लोखंडी घोड्यांवर उभ्या करतात आणि पांढऱ्या प्लास्टिकमध्ये गुंडाळतात. किनाऱ्याजवळच्या त्या यार्डात अशा कितीतरी बोटी ओळीने उभ्या होत्या. फायबरच्या बोटींकडे काकांनी मान वळवूनही पाहिलं नाही. एक लाकडी बोट आली तेव्हा मात्र ते थांबले. हातमोजा काढला, प्लास्टिकखाली हात घातला आणि डॉक्टर पोटावर हात ठेवतात तसा फळीवर ठेवला. मग शिडी चढून, वाकून, टॉर्च दातांत धरून, केबिनच्या दाराच्या चौकटीपर्यंत पोचले आणि चौकटीचा कोपरा बोटांनी चाचपला. टॉर्चचा त्यांना फारसा उपयोग नव्हता. तो सवयीने यायचा.

"स्वीडनची आहे," ते म्हणाले. "चांगल्या घरची. पण आपली नव्हे."

"आपली म्हणजे?"

"सांगतो. आधी घावन खा, गार होतंय."

गाडीत हीटर लावून आम्ही घावनं खाल्ली आणि त्यांनी सांगितलं.

काका मालवणकडचे. तरुणपणी मुंबईच्या गोदीत नोकरीला होते. तिथून त्यांना शिक्षणासाठी पूर्व जर्मनीला पाठवलं. बाल्टिक समुद्राच्या काठावर एक सरकारी यार्ड होतं, शिडाच्या लाकडी यॉट बांधणारं. तिथे ते दोन वर्षं राहिले. बाकीचे हिंदुस्थानी मोठ्या जहाजांच्या कारखान्यात होते. काकांना मात्र कुणाच्या तरी चुकीने यॉटच्या यार्डात टाकलं, आणि ती चूक दुरुस्त होऊ नये म्हणून त्यांनी तोंड बंद ठेवलं.

"गंमत बघ," ते म्हणाले. "बोटी बांधणारी ही माणसं. पण उत्तम महॉगनीची बोट त्यांच्यासाठी नसायची. ती बाहेर जायची, डॉलर आणायला. इकडे अमेरिकेत आली की इथला दलाल तिच्यावरची यार्डाच्या नावाची पितळी पट्टी काढून टाकायचा. कम्युनिस्टांची बोट कोण घेणार? मग ती कुणाच्यातरी दुसऱ्याच नावाने विकली जायची. पुढे तो देशच गेला. यार्ड विकलं, ड्रॉइंग्ज कचऱ्यात गेली. आता ह्या बोटी इथे तिथे पडून आहेत. त्या कुठल्या, हे कुणालाच माहीत नाही."

"मग तुम्ही कशा ओळखता?"

"पितळी स्क्रूंची टंचाई होती. म्हणून दाराच्या चौकटीला आम्ही लाकडी खुंट्या मारायचो, कोपऱ्यात तिरक्या. दुसरं कुणी तशा मारत नाही. गरज काय?"

आणि वर म्हणाले, "गेनाउ."

हा जर्मन शब्द. 'अगदी बरोबर' असा त्याचा अर्थ. स्वतःचंच म्हणणं स्वतःलाच पटलं की काका तो वापरायचे. आमच्या कॉम्प्लेक्समधली सगळी पोरं तो शिकली होती. माझी मुलगी गणिताचं उत्तर बरोबर आलं की अजूनही 'गेनाउ' म्हणते.

मुंबईची गोदी सोडून काका अमेरिकेत आले ते बोटींसाठी नव्हे. इथे त्यांनी उभा जन्म एअर कंडिशनिंगच्या डक्टची ड्रॉइंग्ज काढली. त्याबद्दल विचारलं तर म्हणायचे, "हवा इकडून आत, तिकडून बाहेर. त्यात सांगण्यासारखं काय?" खरं काम निवृत्तीनंतर सुरू झालं. गॅरेजमध्ये गाडी नव्हतीच. तिथे जुने फोटो, सुट्या कड्या, शिडाचे तुकडे आणि जर्मनीतून मागवलेली मासिकं रचलेली होती. सापडेल त्या बोटीची मापं घ्यायची, फोटो काढायचे, मालकाशी बोलायचं आणि ती कोणत्या यार्डात बांधली ते त्याला सांगायचं, हा त्यांचा उद्योग. मी त्यांना एक साधी वेबसाइट करून दिली. ते सोफ्यावर डोळे मिटून बसायचे, तोंडी सांगायचे आणि मी टाइप करायची.

मराठी मंडळाच्या कार्यक्रमात एकदा त्यांना 'माझा छंद' या विषयावर थोडा वेळ बोलायला सांगितलं होतं. काकांनी लाकडी खुंट्यांपासून सुरुवात केली. बराच वेळ झाला तरी ते खुंट्यांवरच होते. मागे मसालेभाताची झाकणं उघडली, वास पसरला, लोक खुर्च्यांत चुळबुळ करायला लागले. काकांना दिसत कमी असलं तरी कान तिखट होते. मध्येच थांबून ते म्हणाले, "गेनाउ. तुम्ही जेवून घ्या." आणि माइक ठेवून स्वतःच पहिले रांगेत जाऊन उभे राहिले.

घरी परतताना लेक जरा चिडली होती. "बाबा, यू आर नॉट ईव्हन जर्मन," ती म्हणाली. "त्यांची हिस्टरी त्यांना करू दे ना. तुमच्या मालवणात बोटी नाहीत का?"

 काकांनी त्यावर उत्तर दिलं ते बऱ्याच महिन्यांनी, आणि दुसऱ्याच माणसाला.

ते उत्तर ज्या बोटीपाशी मिळालं, ती सापडली एका गुरुवारी, मला सुट्टी होती तेव्हा, बार्नेगट बे नावाच्या खाडीच्या काठावरच्या एका छोट्या यार्डात. मागच्या कुंपणाजवळ, वेलींनी वेढलेली. प्लास्टिक फाटून चिंध्या झालेल्या. काका चौकटीपाशी पोचले, त्यांची बोटं कोपऱ्यावर थांबली, आणि ते तिथून हललेच नाहीत. मी खालून हाक मारली.

"काका?"

"आपली आहे," ते म्हणाले. आवाज अगदी साधा होता. पण खाली उतरताना त्यांचा पाय शिडीच्या पायरीवर नीट पडेना. मी धरून उतरवलं.

यार्डची मालकीण उंच, धिप्पाड बाई होती. हातात कॉफीचा मग. तिने सांगितलं, बोटीचा मालक वारला, त्याच्या मुलांना ती नको आहे, जागा अडली आहे. सोमवारी माणसं येणार, बोट करवतीने कापून कचऱ्याच्या डंपस्टरमध्ये टाकणार.

"दुरुस्त होणार नाही?" मी विचारलं.

काकांनीच मान हलवली. "कणा कुजलाय. पावसाचं पाणी साचून. हात आत जातो." मग त्या बाईकडे वळून म्हणाले, "मला बोट नको. मला मापं हवीत. फक्त हा शनिवार-रविवार द्या."

बाईने त्यांच्याकडे नीट पाहिलं. "ही तुमच्या देशाची बोट आहे का?"

"नाही," काका म्हणाले. "माझा देश आहे अजून, जागच्या जागी. हिचा गेला. म्हणून."

बाईने शेडकडे हात केला. मग म्हणाली, "विजेचा बोर्ड शेडमध्ये आहे. एक्स्टेन्शन कॉर्ड लागली तर सांगा."

ते दोन दिवस माझ्या अजून डोळ्यांसमोर आहेत. मी, माझा नवरा आणि काकांची लेक. लेक येणार नव्हती. तिचे पेशंट होते. पण शुक्रवारी संध्याकाळी काकांना ओळंबा आणि दोऱ्याचे गुंडे पिशवीत भरताना बघून तिने अपॉइंटमेंट्स कॅन्सल केल्या. माझ्या नवऱ्याने फोनवर एक ॲप घेतलं होतं. बोटीभोवती फोन फिरवला की तिचा आकार स्क्रीनवर उमटायचा. काकांनी ते कौतुकाने पाहिलं आणि म्हणाले, "छान. आता ओळंबा धर."

मग आम्ही ओळंबा धरला. बोटीच्या मधोमध दोरा ताणला आणि ठरावीक अंतरावर प्रत्येक फळी दोऱ्यापासून किती लांब, ते मोजत गेलो. काका खाली खुर्चीवर बसून. आम्ही आकडा ओरडायचा, त्यांनी तो पुन्हा म्हणायचा. एखादा आकडा चुकला की त्यांना लगेच कळायचं. "नाही, तिथे ती इतकी पोटात जाणार नाही. परत बघ." परत बघितलं की चूक आमचीच निघायची. ती बोट त्यांच्या डोक्यात उभी होती. आम्ही फक्त ताडून बघत होतो.

रविवारी दुपारी लेक बोटीच्या पोटात शिरली, फळ्यांच्या आतल्या बाजूची मापं घ्यायला.  मग आतून तिचा आवाज आला, "बाबा, इथे समबडी रोट समथिंग. पेन्सिलने."

"काय लिहिलंय?"

तिने अक्षरं एकेक करून वाचली. जर्मन होतं. काकांनी ऐकलं आणि हसायला लागले. पोट धरून हसले. "म्हणतो, इथून पुढे थंडी फार आहे, ग्लव्हज कुठे ठेवले? तिथला एक सुतार होता, सतत वस्तू हरवायचा. त्याचंच असणार. दुसरं कोण लिहील?" हसता हसता त्यांनी चष्मा काढून पुसला. लेक आतून बाहेर आली, चेहऱ्यावर धूळ, केसांत जाळी. ती वडिलांकडे बघत राहिली. तिने त्यांना असं हसताना आधी पाहिलं होतं की नाही, मला माहीत नाही.

सोमवारी मला ऑफिस होतं, पण काकांना एकट्याला जाऊ द्यायचं नव्हतं. मी सुट्टी टाकली. यार्डच्या बाईने त्यांच्यासाठी खुर्ची आणून ठेवली होती. ते बसले नाहीत. करवत सुरू झाली तेव्हा त्यांनी टोपी काढली आणि शेवटचा तुकडा डंपस्टरमध्ये पडेपर्यंत तसेच उभे राहिले. तेवढी चौकट बाईने आठवणीने बाजूला काढून दिली. गाडीत तिला मांडीवर घेऊन ते बसले. गाडी हायवेला लागली. मग म्हणाले, "चांगली बांधली होती. करवत अडकत होती, बघितलंस?"

त्या मापांवरून ड्रॉइंग्ज करायला हिवाळा गेला. काका सांगायचे, माझा नवरा कॉम्प्युटरवर रेषा ओढायचा, आणि रेषा जरा जास्त वाकली की काका स्क्रीनला नाक लावून म्हणायचे, "ही जाडी झाली." शेवटी सगळं वेबसाइटवर टाकलं. कुणीही घ्या, फुकट. काही महिने कुणी फिरकलं नाही. मग कनेटिकटहून एक ईमेल आली.

लिहिणारा एक निवृत्त डेंटिस्ट होता. त्याच्याकडे एक जुनी लाकडी बोट होती, आकार धरून ठेवणाऱ्या आतल्या बऱ्याच बरगड्या मोडलेल्या. तीन सुतारांनी सांगितलं होतं की मूळ आकार माहीत नसताना हात लावणार नाही. त्याने दाराच्या चौकटीचा फोटो पाठवला होता. खाली एकच ओळ: 'या खुंट्या तुमच्याच का?'

काकांनी ती ईमेल माझ्याकडून पुन्हा पुन्हा वाचून घेतली.

पुढचं वर्षभर आमच्याकडे शनिवारी व्हिडिओ कॉल असायचा. तिकडून डेंटिस्ट कॅमेरा बोटीच्या पोटात फिरवायचा, इकडून काका सूचना द्यायचे. तो फटी खरवडायला दात साफ करायची हत्यारं वापरायचा. काकांना ते फार आवडलं. "ह्याच्यासारखा माणूस आमच्या यार्डात हवा होता," ते म्हणायचे. वाफेवर मऊ केलेल्या ओकच्या पट्ट्या ड्रॉइंगप्रमाणे वाकल्या, जागेवर बसल्या. बोट उभी राहिली. सप्टेंबरात डेंटिस्टने आम्हाला बोलावलं, बोट पाण्यात होती.

लेक ड्राइव्ह करत होती, मी मागे. वाटेत तिने सहज विचारलं, "बाबा, तिकडे तुम्ही वीकएंडला सेलिंग करायचे का? त्या दोन वर्षांत?"

"नाही," काका म्हणाले. "परवानगी नव्हती. परदेशी माणसाला बंदराच्या बाहेर जाऊ देत नसत. तिथल्या लोकांनासुद्धा सहज मिळत नसे. लोक पळून जायचे ना, बोटीने."

"म्हणजे एकदाही नाही?"

"एकदाही नाही."

"आणि इथे? इथे तर कोणी स्टॉप केलं नव्हतं."

काका खिडकीबाहेर बघत होते. "इथे काय. तू लहान होतीस, तुझ्या आईची तब्येत, घर. राहून गेलं." मग जणू तिचं समाधान करायला म्हणाले, "डक्टची कामंही बरीच होती."

 पुढच्या एक्झिटला लेकीची गाडी चुकीच्या रस्त्याला गेली, आणि परत हायवेवर यायला तिला बराच वेळ लागला.

बोट सुंदर होती. याहून जास्त मला लिहिता येणार नाही. मी नागपूरची, फुटाळा तलावावर पॅडलची बोट चालवलेली बाई. डेंटिस्टने शीड चढवलं, आम्ही धक्क्यापासून सुटलो, आणि थोडं बाहेर गेल्यावर त्याने सुकाणू काकांच्या हातात दिलं. काकांना समोरचं फारसं दिसत नव्हतं. ते गाल वाऱ्याकडे करून बसले. गालावर वारा कुठून लागतो त्याप्रमाणे हात हलायचा. बोट जरा कलायची, ते तिला सावरायचे, पुन्हा कलू द्यायचे. डेंटिस्ट मध्येमध्ये "थोडं डावीकडे" म्हणत होता. मग त्याने म्हणणं सोडून दिलं.

लेक त्यांच्या शेजारी सरकून बसली होती. काकांना बोट लागली. त्यांनी शांतपणे सुकाणू तिच्या हातात दिलं, कठड्यावरून वाकून उलटी केली, रुमालाने तोंड पुसलं, परत येऊन बसले आणि हात पुढे केला. "दे इकडे."

त्या जानेवारीत काका गेले. झोपेत, त्रास न होता. बाहेर बर्फ पडत होता, रस्ते बंद होते, तरी मंडळातली झाडून सगळी माणसं आली. यार्डची बाई आली. कनेटिकटहून डेंटिस्ट आला, काळ्या सुटात. दारात सगळ्यांचे बूट बघून त्यानेही आपले काढले आणि भिंतीला टेकून खाली बसला. फारसं कुणाला ओळखत नव्हता. काकांच्या लेकीने त्याला चहा दिला तेव्हा तो तिला म्हणाला, "वसंतात बोट पाण्यात घालायची आहे. एकट्याला जमत नाही."

एप्रिलच्या शेवटी तिने मला विचारलं, येशील का. आम्ही दोघी गेलो.

क्रेनने बोट उचलली, हळूहळू पाण्यात उतरवली, आणि पाणी सगळ्या फटींतून आत यायला लागलं. एखाद-दुसऱ्या फटीतून नव्हे, सगळ्याच. लेक एकदम उभी राहिली. "इट्स सिंकिंग," ती म्हणाली. डेंटिस्ट हसला. हिवाळाभर बाहेर राहून लाकूड सुकतं, फळ्या आक्रसतात, त्याने सांगितलं. आता त्या पाणी पितील, फुगतील, एकमेकींना भिडतील, आणि फटी आपोआप बंद होतील. दरवर्षी होतं. तोवर क्रेनचे पट्टे तसेच राहू द्यायचे, आणि कुणीतरी आत बसून पाणी उपसत राहायचं. मग तो सँडविच आणायला गेला.

आम्ही आत बसलो. पाणी घोट्यापर्यंत, बर्फासारखं गार. तिने हातपंप घेतला आणि उपसायला लागली. मध्येच ती वेबसाइटवर आलेल्या एका मेलबद्दल बोलली. मिशिगनमधल्या कुणीतरी फोटो पाठवला होता. फोटोतल्या खुंट्या तिरक्या आहेत की सरळ, हे तिला ठरवता येत नव्हतं.  पंप मात्र चालूच होता. दुपार कलली तेव्हा पाणी आत येत होतं, पण आता त्याला घाई नव्हती. तिचे खांदे दुखत असणार. इतरांचे खांदे बरे करणारी बाई ती, तिला ते कळत नसेल असं नाही. मी पंप मागितला.

तिने दिला नाही.